मूळच्या कुठल्या?

उर्दू माध्यमाच्या शाळेत मराठी शिकवणाऱ्या बाईंना वह्या तपासायला जरा जास्त वेळ लागतो. मुलं उजवीकडून लिहायला सरावलेली असतात, त्यामुळे काहींची मराठीची वहीसुद्धा शेवटच्या पानापासून सुरू होते. म्हणून मी वही दोन्ही बाजूंनी उघडून बघते. दिवाळीनंतर नववीच्या निबंधाच्या वह्या घरी आणल्या होत्या, तेव्हा एका वहीचं शेवटचं पान चित्रांनी भरलेलं दिसलं. घेरदार अनारकली, सरळ कुर्ते, बाह्यांचे सहा-सात प्रकार, गळ्यांची मापं. मधोमध एक उंच मानेची सावळी बाई आणि तिच्याखाली सुबक नस्तालिकमध्ये एकच शब्द : ईमान.

मला वाटलं, पोरीनं काहीतरी धार्मिक लिहिलंय आणि भोवती कपड्यांची चित्रं काढलीत. दुसऱ्या दिवशी बोलावून विचारलं, तर हसायलाच लागली. "मॅडम, ये ईमान तो सोमालिया की है. मॉडेल है."

सोमालियाची ईमान तुमच्यापैकी काहींना माहीत असेल. मला नव्हती. १९५५ साली मोगादिशूत जन्मली. वडील परराष्ट्र सेवेत. १९६९ मध्ये लष्करानं सत्ता घेतली आणि पुढे कुटुंबाला केनियात आसरा घ्यावा लागला. नैरोबीला ती विद्यापीठात शिकत होती. १९७५ मध्ये रस्त्यात पीटर बिअर्ड नावाच्या अमेरिकन छायाचित्रकाराला ती दिसली आणि तो तिला न्यूयॉर्कला घेऊन गेला. तिथे त्यानं वर्तमानपत्रांना सांगितलं की ही मुलगी आफ्रिकेच्या रानात गुरं राखताना सापडली! राजदूताची मुलगी, चार-पाच भाषा येणारी, राज्यशास्त्र शिकणारी. पण अमेरिकेला गुराखीणच हवी होती. पुढे तिनं 'आउट ऑफ आफ्रिका', 'स्टार ट्रेक' अशा चित्रपटांत कामं केली. सावळ्या-काळ्या कातडीला जुळेल अशी प्रसाधनं बाजारात मिळत नाहीत म्हणून १९९४ मध्ये स्वतःची कंपनी काढली. नंतर आपल्या नावाचे कपडे आणि दागिनेही विकायला आणले.

हे सगळं मी नंतर शोधून वाचलं. त्या दिवशी मी त्या मुलीला रागावले. निबंधाच्या वहीत हे काय, म्हणून ते पान काढून टाकायला सांगितलं. तिनं पट्टी लावून अगदी सरळ रेषेत पान फाडलं, घडी करून दप्तरात ठेवलं आणि जाता जाता विचारलं, "मॅडम, अपने यहां भी कोई थी क्या ऐसी? बाहर से आई हुई?"

मला उत्तर देता आलं नाही. मास्तरकीत असे प्रश्न घरापर्यंत येतात.

माझ्या डोक्यात पहिल्यांदा नादिया आली, 'हंटरवाली'वाली, ऑस्ट्रेलियात जन्मलेली. पण ती चाबूक चालवणारी, हिला कापडातलं कोणीतरी हवं होतं. शोधता शोधता मला एस्थर व्हिक्टोरिया अब्राहम सापडली. चित्रपटातलं नाव प्रमिला. १९४७ सालची, म्हणजे देशातली पहिली मिस इंडिया. स्वतःचे पोशाख आणि दागिने स्वतःच आखणारी. आणि काय सांगू, तिच्यावरच्या लेखांत ती शिक्षिका असल्याचा आणि तिनं बी.एड. केल्याचाही उल्लेख आहे. मिस इंडिया आणि बी.एड. हे दोन शब्द एका ओळीत मी आयुष्यात पहिल्यांदा वाचले. स्टाफरूममध्ये सांगितलं तर आमच्या गणिताच्या सरांनी पेन खाली ठेवून विचारलं, "मग टीईटी पास होत्या का?"

प्रमिला जन्मली कलकत्त्यात, ३० डिसेंबर १९१६ रोजी, बगदादी ज्यू घराण्यात. आपल्याकडे ज्यू म्हटलं की कोकणातले बेने इस्रायली आठवतात. अलिबाग-रेवदंड्याकडचे, आडनावापुढे 'कर' लावणारे, तेल गाळणारे शनिवार तेली, आपल्यासारखंच मराठी बोलणारे. बगदादी ज्यू वेगळे. ते इराक-सीरियाकडून व्यापारासाठी आलेले, घरात अरबी बोलणारे. मुंबईला १८३२ मध्ये आलेला डेव्हिड ससून त्यांच्यातलाच. पुण्यातलं लाल देऊळ त्यानंच बांधवलं. अफू आणि कापसाच्या धंद्यावर ससून घराणं मोठं झालं आणि मुंबईच्या गिरण्यांना कापूस पुरवण्यात आपला वऱ्हाड पुढे होता. म्हणजे आमच्या यवतमाळच्या काळ्या मातीचा या मंडळींशी संबंध अगदीच नाही असं नाही. पण तो विषय वेगळा.

एस्थरचे वडील कलकत्त्याचे व्यापारी, आई कराचीची. सतराव्या वर्षी मुलगी घर सोडून एका फिरत्या नाटक कंपनीत गेली. तेव्हा चित्रपट दाखवताना रीळ संपलं की दुसरं चढवायला वेळ लागे. प्रेक्षकांनी तेवढ्यात उठून जाऊ नये म्हणून पडद्यासमोर कोणीतरी नाचायचं. तिची पहिली नोकरी ही, रीळ बदलेपर्यंतची पंधरा मिनिटं. मला हे वाचून विनाअनुदानित शाळेतली माझी सुरुवातीची वर्षं आठवली. कोणी रजेवर गेलं की त्या तासाला मला पाठवत. वर्ग गप्प बसला पाहिजे, एवढंच काम.

तिथून मुंबई. आणि मुंबईच्या आधी कोल्हापूर. तिच्या सुरुवातीच्या चित्रपटांतला 'भिकारन' १९३५ मध्ये कोल्हापूर सिनेटोननं काढला होता. कलकत्त्याची ज्यू मुलगी कोल्हापूरच्या मराठी मंडळींच्या स्टुडिओत हिंदी बोलपटात काम करते आणि पडद्यावर तिचं नाव लागतं 'प्रमिला'. त्या काळी हे नवल नव्हतं. घरंदाज म्हणवणाऱ्या हिंदू आणि मुसलमान घरांतून मुलींना सिनेमात पाठवत नसत, म्हणून ज्यू आणि अँग्लो-इंडियन मुलींना जागा मिळाली. पुण्यात जन्मलेली रूबी मायर्स 'सुलोचना' झाली. आमच्या समाजातल्या ज्या आल्या त्या बहुतेक तवायफांच्या घरातून किंवा नाटकातून. जिला समाजानं आधीच बाहेर काढलंय, तिला कोणी काय अडवणार? नाव मात्र सगळ्यांचं बदलायचं. प्रेक्षकाला चेहरा परका चालत होता, नाव आपलंच पाहिजे होतं.

प्रमिलानं सुमारे तीस चित्रपट केले. 'बिजली', 'जंगल किंग', 'उलटी गंगा', 'बसंत'. स्टंटची कामं केली, वाईट बाईची कामं केली. 'बसंत' १९४२चा, बॉम्बे टॉकीजचा. पुढे मधुबाला म्हणून गाजलेली मुमताज त्यात लहान मुलगी आहे. मग स्वतःची कंपनी काढली, सिल्व्हर प्रॉडक्शन्स, आणि त्या नावाखाली सोळा चित्रपट काढले. पुष्कळ ठिकाणी तिला 'हिंदी सिनेमातली पहिली स्त्री निर्माती' म्हटलेलं आढळतं. हे बरोबर नाही. तिच्या कितीतरी वर्षं आधी, १९२६ मध्ये, फातमा बेगमनं फातमा फिल्म्स काढली आणि 'बुलबुल-ए-परिस्तान' दिग्दर्शितही केला. 'आलम आरा'ची नायिका झुबैदा ही तिचीच मुलगी. प्रमिलाचं मोठेपण सांगायला फातमाबींना पुसायची गरज नाही.

सिल्व्हर प्रॉडक्शन्समध्ये तिचा जोडीदार तिचा नवरा होता. सय्यद हसन अली झैदी, मूळ लखनौचे, सिनेमातलं नाव कुमार. 'मुघल-ए-आझम'मध्ये अकबराच्या तोंडावर खरं बोलणारा तो संगतराश आठवतो? 'जिंदाबाद ऐ मोहब्बत' गात जाणारा? तेच कुमार. म्हणजे नवरा सय्यद आणि नाव कुमार, बायको ज्यू आणि नाव प्रमिला. मुलांची नावं मात्र नकी जहां आणि हैदर अली.

आता १९४७ साल डोळ्यांसमोर आणा. आईचं गाव कराची परदेश झालं. नवरा मुसलमान. स्वतः तिशीची आणि गरोदर. आणि त्याच वर्षी ती मिस इंडिया निवडली जाते! पोटात बाळ असताना सौंदर्यस्पर्धा जिंकता येते, हे ऐकून आमच्या स्टाफरूममधल्या बायकांना जो आनंद झाला तो मी इथे लिहीत नाही. देश नवा होता, स्पर्धेचे नियमही बहुधा अजून घट्ट व्हायचे होते. पुढे वीस वर्षांनी, १९६७ मध्ये, तिची मुलगी नकी जहांसुद्धा ईव्ह्ज वीकलीच्या स्पर्धेत मिस इंडिया झाली.

या दोन मुकुटांच्या मध्ये एक गोष्ट घडली. मी ही माणसं शोधायला निघाले तेव्हा ती माहीत असती, तर कदाचित त्या मुलीला वेगळंच कोणीतरी शोधून दिलं असतं. मुंबईचा कारभार मोरारजी देसाईंच्या हाती होता, तेव्हा प्रमिलाला अटक झाली. पाकिस्तानसाठी हेरगिरी करत असल्याचा संशय होता. कारण काय, तर ती वारंवार पाकिस्तानात जात होती. ती जात होती आपले चित्रपट तिकडे विकायला. १९६५च्या युद्धापर्यंत आपले चित्रपट कमीअधिक प्रमाणात तिकडे लागत, आणि निर्माता आपला माल जिथे गिऱ्हाईक आहे तिथे नेणारच. शेवटी ते सिद्ध झालं आणि ती सुटली.

सुटली हे खरं. पण मी त्या ओळीपाशी बराच वेळ थांबले. ज्या देशानं आपल्या पहिल्याच मिस इंडियाचा मान तिला दिला, त्याच देशाला ती कोणाची हे पुन्हा विचारावंसं वाटलं. पंजाबातून आलेले निर्माते, ज्यांची घरं लाहोरला राहिली होती, त्यांचा जीवही तिकडे अडकलेला होताच. त्यांच्या आठवणींना आपण आठवणीच म्हटलं.

काही वर्षांपूर्वी मराठीच्या शिक्षकांचं एक प्रशिक्षण होतं, कुठलं ते जाऊ द्या. मी दहा मिनिटं बोलले. चहाच्या वेळी एक ज्येष्ठ गृहस्थ जवळ आले, मनापासून म्हणाले, "मॅडम, तुमचं मराठी इतकं छान कसं? तुम्ही मूळच्या कुठल्या?" मी म्हटलं, दिग्रसची. ते म्हणाले, "नाही, तसं नाही. मूळच्या?" माझे आजोबा दिग्रसला, त्यांचे वडील दारव्ह्याला, त्यांच्या आधीचं आम्हाला कोणालाच माहीत नाही. त्या गृहस्थांना त्यांच्या खापरपणजोबांचं गाव माहीत होतं का, हे मी विचारलं नाही. चहा थंड होत होता. त्यांच्या मनात वाईट काही नव्हतं, हे मी आजही म्हणेन. पण हा प्रश्न आयुष्यभर पुरतो. कौतुकाच्या ताटात वाढला तरी.

कुमार १९६३ मध्ये पाकिस्तानात गेले आणि १९८२ मध्ये कराचीलाच वारले. प्रमिला गेली नाही. तिच्या नात्यागोत्यातले, समाजातले पुष्कळ बगदादी ज्यू स्वातंत्र्यानंतर लंडनला, इस्रायलला, ऑस्ट्रेलियाला गेले. कलकत्त्याची ती वस्ती बघता बघता रिकामी झाली. तिला तीन-तीन दारं उघडी होती. ज्यू म्हणून एक, इंग्रजी येणारी म्हणून दुसरं आणि नवऱ्याच्या मागे कराचीचं तिसरं. ती मुलांना घेऊन मुंबईतच राहिली, शिवाजी पार्कला. आता शिवाजी पार्क म्हणजे मराठी माणसाच्या मुंबईचं माजघर. तिथे एक ज्यू बाई आपल्या शिया मुलांना वाढवत राहिली आणि म्हातारी झाली. मी त्याचा फार मोठा अर्थ काढत नाही. घर तिथे होतं, कामाची माणसं तिथे होती, मुलं तिथे शिकली. माणसं बहुतेक वेळा याच कारणांनी राहतात आणि याच कारणांनी जातात. कुमार का गेले, याचा निवाडा मी करणार नाही. फाळणीनंतर आमच्यातल्या कितीतरी घरांत असा कोणीतरी आहे, ज्याचा फोटो भिंतीवर आहे आणि कबर तिकडे.

मुलगा हैदर अली 'नुक्कड' मालिकेत होता. दूरदर्शनचा काळ आठवणाऱ्यांना तो लगेच आठवेल. पुढे आशुतोष गोवारीकरांबरोबर त्यानं 'जोधा अकबर'ची पटकथा लिहिली. दोन धर्मांच्या घराची गोष्ट त्याला कोणाकडून ऐकायला लागली नसेल. आणि प्रमिला स्वतः शेवटचं पडद्यावर आली ती अमोल पालेकरांच्या 'थांग'मध्ये, २००६ साली. मराठी आणि इंग्रजीत एकाच वेळी केलेला चित्रपट. कोल्हापूर सिनेटोनपासून सत्तर वर्षांनी ती पुन्हा मराठी माणसांच्या युनिटमध्ये. त्याच वर्षी ६ ऑगस्टला ती गेली.

हे सगळं मी त्या मुलीला एका शनिवारी, सकाळची शाळा सुटल्यावर सांगितलं. तिचा काळा-पांढरा फोटो मोबाईलवर दाखवला. अटकेचं सांगावं की नाही याचा विचार करत होते. सांगितलं. तिनं ऐकून घेतलं आणि फोटो दोन बोटांनी मोठा केला. "मॅडम, ये आस्तीन देखो. ये सीधे कपडे में नहीं बैठती. उरेब काटा है." कापड तिरकं, उरेब कापलं की ते अंगासरशी वळतं, हे तिनं मला हातवारे करून समजावलं. त्यासाठी कापड जास्त लागतं, म्हणून तिची अम्मी गिऱ्हाइकाला आधीच पाव मीटर जास्त आणायला सांगते.

तिची अम्मी ब्लाऊज शिवते, फॉल-पिको करते. अब्बा जिनिंगमध्ये कामाला, म्हणजे दिवाळीपासून मार्चपर्यंत बरं, मग मिळेल ते. पालक सभेला आले होते, तेव्हा मी आयटीआयच्या शिलाईच्या कोर्सचं, तंत्रनिकेतनातल्या ड्रेस डिझाइनच्या डिप्लोमाचं बोलले. त्यांनी अदबीनं ऐकलं. म्हणाले, "मॅडम, शिलाई तर ती घरी शिकतेच. ती फॅशनची लाईन आपली नव्हे. त्यापेक्षा तिला डी.एड. करू द्या, तुमच्यासारखी मॅडम होऊ द्या."

मला काय बोलावं सुचेना. मी बी.एड. झाले त्याला वीस वर्षं झाली. त्यातली पहिली आठ विनाअनुदानितवर गेली. इतक्या पगारात की तो आकडा मी माहेरी कधी खरा सांगितला नाही. आज उर्दू शाळांचे वर्ग कमी होताहेत, भरती कधी निघेल सांगता येत नाही आणि डी.एड. करून दुकानात हिशोब लिहिणाऱ्या माझ्याच चार विद्यार्थिनी मला बाजारात भेटतात. आणि बी.एड.ची माझी फी कुठून आली होती? अम्मीच्या उषा मशीनवरून. रमजानच्या शेवटच्या दहा दिवसांत अम्मी सहरीपर्यंत लोकांचे इदेचे कपडे शिवायची. मी कधी काज-बटण करायला बसले तर उठवायची. "तू पढ. ये मेरा काम है." शिलाईनं मला मास्तरीण केलं. त्याच मास्तरणीनं एका मुलीला निबंधाच्या वहीतलं शिलाईचं पान फाडायला लावलं.

अब्बांना मी एवढंच सांगितलं, की माझ्यासारखी होण्यात काय काय आहे ते मी तुम्हाला एकदा घरी येऊन सांगते. गेले. त्यांच्या अम्मीनं, म्हणजे मुलीच्या दादीनं, माझी सगळी कहाणी ऐकून शेवटी विचारलं, "बेटा, ती प्रमिला नमाजी होती का?" मी म्हटलं, दादी, ती यहुदी होती. दादी थोडा वेळ गप्प. मग म्हणाल्या, "मग मुलांची नावं बरी ठेवली."

अब्बांनी अजून हो म्हटलेलं नाही. अकरावीची चौकशी चालू आहे, आयटीआयचीही आहे. यवतमाळच्या वसतिगृहात किती मुली राहतात, संध्याकाळी किती वाजता दार बंद होतं, पुसदपासून एसटी थेट आहे की दिग्रसला बदलावी लागते, हे त्यांनी मला विचारलं. दहावीला अजून एक वर्ष आहे.

मुलीनं मात्र ते फाडलेलं पान परत आणलं. घडीच्या रेषेवर चिकटपट्टी लावलेली होती. ईमानच्या शेजारी आता दुसरी बाई आहे, तिच्या बाहीवर तिरक्या रेषा आहेत आणि खाली देवनागरीत लिहिलंय : प्रमिला. 'मि' पहिला दीर्घ काढला होता, मग खोडून ऱ्हस्व केलेला. मी लाल पेन काढलं नाही.